चौथी खुर्ची

मागच्या जानेवारीत एक गोष्ट झाली, तशी अगदीच छोटी, कुणाला सांगितली तर म्हणतील एवढं काय त्यात, पण वर्ष होत आलं तरी डोक्यातून जात नाहीये म्हणून शेवटी लिहायला बसले. लेक शिकागोत पिल्सनला राहते, अठराव्या रस्त्यापासून दोन गल्ल्या आत, जुन्या विटांच्या दुमजली घरात वरच्या मजल्यावर भाड्याने. तिला ताप होता, फोनवर आवाज पार बसलेला. मी मऊ भात केला, मेतकूट घेतलं, लिंबाचं गोड लोणचं घेतलं, थर्मासमध्ये आल्याचा चहा भरला आणि आमच्या उपनगरातून निघाले. आदल्या दोन दिवसांत फूटभर बर्फ पडून गेला होता. हायवे धुतल्यासारखा साफ, पण तिच्या एरियात शिरले तेव्हा कळलं की आतल्या गल्ल्यांमधून प्लाऊ जेमतेम एकदा फिरून गेलाय, दोन्ही बाजूंना बर्फाचे बांध, मधून कशीबशी एक गाडी जाईल एवढी वाट, आणि बांधात रुतलेल्या गाड्यांचे नुसते आरसे बाहेर. पाच फेऱ्या मारल्या. भात गार होत चाललेला. सहाव्या फेरीला तिच्या घरासमोरच एक जागा दिसली, खालचं डांबर दिसेपर्यंत खरवडून साफ केलेली, कडा सुरीने कापल्यासारख्या सरळ, आणि मधोमध एक खुर्ची. स्वयंपाकघरातल्या टेबलाची असते तसली, स्टीलचे पाय, पिवळ्या रेक्झिनची सीट, एका कोपऱ्यात फाटलेली आणि तिथे करडी टेप चिकटवलेली.

ती खुर्ची म्हणजे काय हे मला माहीत होतं. शिकागोत याला डिब्स म्हणतात. तुम्ही तासभर कंबर मोडून आपल्या गाडीपुरती जागा खणून काढलीत, मग कामावर जाताना तिथे काहीतरी ठेवून जायचं, खुर्ची, इस्त्रीचं टेबल, दोन बादल्या आणि त्यावर आडवी फळी, काहीही, आणि संध्याकाळी परत येईपर्यंत ती जागा तुमची. कायद्यात हे कुठेच बसत नाही, रस्ता सगळ्यांचा आहे, महापालिका काही दिवस डोळेझाक करते आणि मग ट्रक पाठवून सगळ्या खुर्च्या उचलून नेते. पण गल्लीत मात्र हा नियम कायद्याहून मोठा. म्हातारी माणसं सांगतात की १९६७ च्या जानेवारीत दीड दिवसात २३ इंच बर्फ पडला होता, शहर ठप्प झालं होतं, त्या हिवाळ्याच्या गोष्टी अजून निघतात. मी हे सगळं ऐकून होते. तरी गाडीतून उतरले, खुर्ची उचलली, स्टील एवढं गार होतं की हातमोज्यातून बोटांना चटका बसला, ती कडेच्या ढिगाला टेकवून ठेवली आणि गाडी आत घातली. मनात म्हटलं, पोरगी आजारी आहे, तासाभराचा तर प्रश्न आहे.

वर बघितलं तर समोरच्या घराच्या तळमजल्याच्या खिडकीतून एक म्हातारी बाई माझ्याकडे बघत होती. रागाने नाही. नुसती बघत होती. मी हातातली पिशवी जराशी वर केली, काय सांगायचं होतं मला कोण जाणे. लेकीच्या दाराची बेल वाजवेपर्यंत ती बाई बाहेर आली, पायात घरातल्या सपाता, अंगात कुणातरी पुरुषाचा भलामोठा कोट. तिने ती खुर्ची उचलली, सीटवर लागलेला बर्फ तळहाताने झटकला, दोनदा झटकला, जसं आपण पाहुण्यांसाठी सतरंजी झटकतो तसा, आणि खुर्ची घेऊन आत गेली.

एक शब्द बोलली नाही.

मी लहानपणी साताऱ्याच्या एसटी स्टँडवर शिकलेला एक धडा मला त्या क्षणी आठवला आणि पोटात कसंतरी झालं. मे महिन्याच्या सुट्टीत आजोळी जाताना गाडी फलाटाला लागायच्या आधीच बाबा मला उचलून खिडकीतून आत सोडायचे. मी सीटवर आडवी व्हायचे, एका हाताने रुमाल, दुसऱ्या हाताने पिशवी, पायाने पाण्याची बाटली, अशी पूर्ण तीन जणांची सीट धरून ठेवायची. लोक चढायचे, विचारायचे, बाळ इथं कोण आहे का, मी म्हणायचे हो, येतायत. आणि बहुतेक लोक ऐकायचे! पुढे जायचे, उभे राहायचे. एका पोरीच्या शब्दावर, एका मळक्या रुमालावर. कुणी रुमाल उचलून बाजूला टाकून बसलाच तर सगळी गाडी त्याच्यावर तुटून पडायची, अहो जागा धरलेली दिसत नाही का. रुमालाला मान होता. आणि मी त्या रुमालावर वाढलेली बाई, मी कुणाचीतरी खुर्ची उचलून ढिगाला टेकवली होती.

लेक दुपारी झोपली. मी तिचं किचन आवरलं, भांडी घासली, तासाभराचे सहा तास झाले. पाचच्या सुमारास ती उठली, खिडकीशी गेली आणि म्हणाली, "आई, तू तिथे गाडी लावलीयेस?" मग बराच वेळ काही बोललीच नाही. मग म्हणाली की त्या आज्जींचा मुलगा चार वाजता कामावरून येतो, पहाटे चारला जातो, ती जागा त्यानेच खणली, काळोखात, कामावर जायच्या आधी. खाली बघितलं तर एक जुना पिकअप ट्रक गल्लीतून हळूहळू जात होता. पाच मिनिटांनी परत तोच. मी चपलेसारखे बूट पायात सरकवून धावत खाली गेले तोवर तो गेला होता, पुन्हा आला नाही, कुठेतरी लांब लावली असणार.

परतताना हीटर फुल करूनही हात गरम होईनात.

पिल्सनमध्ये चालताना एक गोष्ट सतत जाणवते की इथे प्रत्येक जागेवर आधी कुणीतरी बसून गेलंय. पिल्सन हे नावच चेक लोकांचं, त्यांच्या प्लझेन शहरावरून आलेलं. अठराव्या रस्त्यावर थालिया हॉल आहे, १८९२ ला चेक लोकांनी बांधलेलं नाट्यगृह, प्रागच्या थिएटरवरून घेतलेली घडण, गुबगुबीत दगडी कमानी. तिथून थोडं चाललं की सेंट प्रोकोपियस चर्च, हेही चेक संताच्या नावाचं, आणि रविवारी आतून ऐकू येतं ते स्पॅनिश. बाहेर तमालेवाली बाई निळा कूलर घेऊन उभी असते, झाकण उघडलं की मक्याच्या पिठाची वाफ थेट तोंडावर येते. त्या चेक लोकांमधूनच पुढे अँटन सर्मॅक शहराचा मेयर झाला, बोहेमियात जन्मलेला, लहान असताना इथे आलेला माणूस, आणि १९३३ मध्ये मायामीत रूझवेल्टच्या शेजारी उभा असताना गोळी लागून गेला. बावीसावा रस्ता आता त्याच्या नावाने आहे. त्या सर्मॅक रोडवर आज दुकानांच्या पाट्या वाचत गेलं तर चेक शब्द औषधालाही सापडत नाही. घरांच्या माथ्यावर मात्र विटांमध्ये कोरलेली जुनी आडनावं राहिलीत, ती वाचायला मान वर करावी लागते, आणि बर्फात मान वर करून कोण चालतंय.

मेक्सिकन लोक इथे का आले हे मला पुष्कळ वर्षं ठाऊक नव्हतं, आणि जेव्हा कळलं तेव्हा ते माझ्या घरापर्यंत येऊन पोचलं. पिल्सनच्या उत्तरेला, हॅल्स्टेड आणि हॅरिसन रस्त्यांच्या आसपास, पूर्वी इटालियन, ग्रीक, मेक्सिकन असे सगळे खेटून राहायचे. जेन अ‍ॅडम्सने १८८९ मध्ये सुरू केलेलं हल हाउस तिथेच, जिथे नुकत्याच बोटीतून उतरलेल्या बायकांची पोरं सांभाळली जायची, त्यांना भाषा शिकवली जायची. १९६१ मध्ये मेयर डेलींनी ठरवलं की युनिव्हर्सिटी ऑफ इलिनॉयचा नवा कॅम्पस याच वस्तीवर होणार. फ्लोरेन्स स्काला नावाची एक इटालियन शिंप्याची मुलगी आजूबाजूच्या बायकांना घेऊन उभी राहिली, मोर्चे काढले, मेयरच्या ऑफिसात ठिय्या दिला, केस थेट सुप्रीम कोर्टापर्यंत नेली. हरल्या. घरं पडली, दुकानं पडली, हल हाउसच्या तेरा इमारतींपैकी दोनच ठेवल्या. १९६५ ला कॅम्पस उघडला आणि तिथली मेक्सिकन कुटुंबं सामान उचलून थोडं दक्षिणेला, रेल्वेचे रूळ ओलांडून पिल्सनला आली. माझ्या नवऱ्याने एमएस केलं ते त्याच कॅम्पसमध्ये. नव्वदच्या दशकात आम्ही त्या काँक्रीटच्या इमारतींसमोर उभं राहून फोटो काढले आणि साताऱ्याला पाठवले, माझ्या सासूबाईंनी ते देवघराशेजारी लावले होते. त्या फोटोत आमच्या पायाखाली कुणाची स्वयंपाकघरं होती हे तेव्हा कुणी सांगितलं नाही, आणि आम्हीही कधी विचारलं नाही.

आणि त्याही आधी? शिकागो हा शब्दच इथल्या मूळ लोकांचा, नदीकाठी उगवणाऱ्या जंगली कांदा-लसणासारख्या उग्र वासाच्या भाजीचं नाव. तिथे पहिलं कायमचं घर बांधणारा बाहेरचा माणूस ड्यु साब्ल, काळा माणूस होता, आणि तळ्याकाठच्या मोठ्या रस्त्याला त्याचं नाव जोडायला २०२१ उजाडलं. १८३३ च्या करारात पोटावाटोमी या मूळ लोकांकडून उरलीसुरली जमीन लिहून घेतली, आणि दोन वर्षांनी निघून जाण्यापूर्वी त्यांचे पुरुष अंगाला रंग लावून या नवीन गावाच्या रस्त्यांतून नाचत गेले होते. शेवटचा नाच. घरांमध्ये लोक दारं लावून बसले होते म्हणे. मला हे चित्र डोळ्यांसमोर आलं की त्या नाचणाऱ्यांपेक्षा दाराआड बसलेल्यांचाच विचार जास्त येतो, त्यांनी पडद्याच्या फटीतून काय बघितलं असेल आणि ढोल लांब गेल्यावर संध्याकाळी चूल कशी पेटवली असेल.

पण एवढं सगळं असूनही, चेक असोत, आयरिश असोत, इटालियन असोत, त्यांना निदान आपली खुर्ची मांडता तरी आली. एक वस्ती सोडून दुसऱ्या वस्तीत जायला वाट होती. शहराच्या दक्षिणेकडच्या काळ्या लोकांना ती वाटच नव्हती, आणि हे मी जेवढं वाचत गेले तेवढी माझी झोप उडत गेली. पहिल्या महायुद्धाच्या काळात मिसिसिपी, लुइझियाना, अलाबामातून गाड्या भरभरून माणसं इथे आली, शिकागो डिफेंडर नावाचं पेपर वाचून, जो रेल्वेतले काळे पोर्टर लपवून दक्षिणेत पोचवायचे. आली आणि एका चिंचोळ्या पट्ट्यात अडकली. १९१९ च्या जुलैत, उकाड्याच्या एका रविवारी, युजीन विल्यम्स नावाचा सतरा वर्षांचा मुलगा मिशिगन तळ्यात एका लाकडी तराफ्यावर तरंगत होता, आणि तरंगता तरंगता पाण्यातली एक रेष ओलांडून गोऱ्यांच्या बाजूला गेला. पाण्यात रेष! ती कुणी आखली नव्हती, दिसत नव्हती. काठावरून एकाने दगड मारले आणि मुलगा बुडाला. त्यानंतरच्या दंगलीत ३८ माणसं मेली, २३ काळी आणि १५ गोरी. मी उन्हाळ्यात त्या बीचवर गेलेय, पोरं ओरडत पाण्यात उड्या मारत असतात, पाणी एवढं निळं की डोळे दुखतात, आणि मी दर वेळी नकळत ती रेष शोधते.

पुढे रेषा पाण्यातून कागदावर आल्या. घरांच्या खरेदीखतातच लिहायला लागले की हे घर गोऱ्या माणसाशिवाय कुणाला विकायचं नाही, भाड्याने द्यायचं नाही. लॉरेन हॅन्सबेरी, जी पुढे नाटककार म्हणून नावाजली, तिच्या वडलांनी १९३७ मध्ये असल्या एका गोऱ्या वस्तीत घर घेतलं तर बाहेर जमाव जमला आणि खिडकीतून फेकलेला तुकडा त्या लहान पोरीच्या डोक्याला लागता लागता राहिला. १९४८ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की असल्या अटी कोर्टाकरवी राबवता येणार नाहीत. मग दुसरी तऱ्हा. काळ्या वस्त्या नकाशात लाल रंगाने रंगवलेल्या होत्याच, तिथे सरकारी हमीचं कर्ज मिळायचं नाही. मग दलाल यायचे. नॉर्थ लॉनडेल हा तोवर ज्यू लोकांचा भाग, दलाल त्यांना घाबरवायचे, काळे येतायत, आत्ताच विका, कवडीमोलाने घर घ्यायचे आणि दुप्पट-तिप्पट भावाने काळ्या कुटुंबाला हप्त्यावर विकायचे. अट अशी की शेवटचा हप्ता फिटेपर्यंत घर दलालाच्या नावावर. एक हप्ता चुकला की घर गेलं, भरलेले सगळे पैसे गेले, आणि दुसऱ्या महिन्यात तेच घर दुसऱ्या कुटुंबाला. लॉनडेलमध्ये १९५० ला शंभरात तेरा माणसं काळी होती, १९६० ला एक्याण्णव. दहा वर्षांत! नवरा दोन नोकऱ्या करतोय, बायको रात्रीची साफसफाईला जातेय, घराचं छप्पर गळतंय पण दुरुस्तीला पैसे नाहीत कारण हप्ता. मग बाहेरचे लोक म्हणायचे, बघा कशी घरं ठेवतात. १९६८ ला हीच माणसं एकत्र आली, हप्ते भरणं थांबवलं, आणि पोलीस सामान रस्त्यावर काढायचे तर शेजारी ते उचलून परत आत नेऊन ठेवायचे. सोफा, पलंग, टेबल, खुर्च्या. हे वाचताना मला त्या म्हातारीचा हात आठवला, सीटवरचा बर्फ झटकणारा.

मार्टिन ल्यूथर किंग १९६६ च्या जानेवारीत त्याच लॉनडेलमध्ये एका पडक्या बिल्डिंगमध्ये येऊन राहिले होते, याच थंडीत. ऑगस्टमध्ये मार्क्वेट पार्कला मोर्चा नेला तर डोक्यात दगड बसला, आणि नंतर ते म्हणाले की एवढा द्वेष त्यांनी मिसिसिपी-अलाबामातसुद्धा पाहिला नव्हता.

आम्ही २००१ मध्ये घर घेतलं. शहराच्या पश्चिमेला लागून असलेल्या एका जुन्या उपनगरात, १९४० च्या आसपासचं विटांचं बंगली-घर, मागे एक मॅपल, पुढे तीन पायऱ्या. लोन तीन आठवड्यांत पास. सह्यांच्या दिवशी वकिलाने कागदांचा गठ्ठा पुढे सरकवला आणि त्यात जुन्या खताची एक फोटोकॉपी होती, टाइपरायटरवरची पुसट अक्षरं. मला सगळं वाचायची खोड आहे, मी वाचलं. या जागेत निग्रो व्यक्तीने राहू नये, आणि पुढे कंसात सूट दिलेली, झाडूवाला, ड्रायव्हर किंवा घरगडी म्हणून राहात असल्यास चालेल. वकील म्हणाला, त्याला काही अर्थ नाही आता, जुनी गोष्ट आहे, सोडून द्या. आम्ही सोडून दिलं. सही केली. पेन निळं होतं, अजून आहे ते माझ्याकडे. संध्याकाळी नारळ फोडला, उंबऱ्यावर कुंकवाची बोटं ओढली, शेजारच्या गोऱ्या आजी केक घेऊन आल्या. आपल्याला हे दार उघडलं ते १९६५ च्या इमिग्रेशन कायद्याने, म्हणजे तो कॅम्पस उघडला त्याच वर्षी, आणि तो कायदा ज्या वाऱ्यावर आला तो वारा काळ्या लोकांनी रस्त्यावर मार खाऊन निर्माण केला होता. आम्ही डिग्र्या घेऊन आलो, बँकेने हसून लोन दिलं. लॉनडेल आमच्या घरापासून गाडीने वीस मिनिटांवर आहे. पहिली दहा वर्षं मी तिथून जाताना गाडीचे दरवाजे लॉक करत होते.

हे लिहिताना मला आजोबांचा वाडाही आठवतो आणि ते टाळून पुढे जाता येत नाही. साताऱ्याला वाड्यात चार बिऱ्हाडं होती. कुणी खोली बघायला आलं की आजोबा आधी पाणी विचारायचे, मग गाव, मग अगदी मऊ आवाजात, "आणि आडनाव काय म्हणालात?" काही आडनावांना खोली रिकामी असायची आणि काहींना नेमकी कालच दिलेली असायची. मी जवळच सागरगोट्यांनी खेळत असायचे. रिकामी खोली मला माहीत होती, आदल्याच दिवशी आईने ती झाडली होती. खोटं बोलू नये हे मला शाळेत शिकवलं होतं आणि आजोबा खोटं बोलत होते हे मला कळत होतं, पण त्या माणसाच्या पाठमोऱ्या चालण्याकडे बघून मी कुणालाच काही विचारलं नाही. आमच्या वाड्याच्या कागदांत तसलं काही लिहिलेलं नव्हतं. लिहायची गरजच नव्हती.

डेव्हन अ‍ॅव्हेन्यूला मी अजून महिन्यातून एकदा जातेच, पोहे, गोडा मसाल्याचं सामान, गवार, कधी अळू मिळालं तर. तिथेसुद्धा आधी ज्यू लोकांची बेकऱ्या-दुकानं होती, ते उत्तरेकडे सरकले आणि सत्तरच्या दशकात आपली माणसं आली, पटेल ब्रदर्सचं पहिलं दुकान १९७४ ला तिथेच निघालं. एकाच रस्त्याच्या तुकड्यांना गांधी, जिना आणि इस्रायलच्या माजी पंतप्रधान गोल्डा मेईर अशी तिघांची मानाची नावं आहेत. आम्ही नवीन होतो तेव्हा शनिवारी तिथे पाय ठेवायला जागा नसायची, साड्यांच्या दुकानाबाहेर काचेत उभे पुतळे, टिकल्या लावलेले, आणि पानवाल्याकडे रांग. आता आपले बरेचसे लोक नेपरव्हिल, शॉमबर्गला, तिथेच मोठी दुकानं झाली. डेव्हनवर हल्ली रोहिंग्या कुटुंबं दिसतात, म्यानमारमधून सगळं सोडून आलेली, त्यांचं एक सेंटरही तिथे आहे. मागच्या महिन्यात भाजीच्या दुकानात एक बाई कारलं निवडत होती, अगदी माझ्या आईसारखं, नखाने देठ दाबून. आम्ही एकमेकींना जागा करून दिली.

बर्फाचं आणखी एक सांगायचं राहिलं. १९७९ च्या जानेवारीत असाच प्रचंड बर्फ पडला, रस्ते आठवडेच्या आठवडे मोकळे होईनात, आणि गाड्या वेळेवर धावाव्यात म्हणून एल ट्रेन, म्हणजे शहरातली लोकल, काही स्टेशनांवर न थांबता पुढे नेल्या. ती स्टेशनं काळ्या वस्त्यांमधली होती. विचार करा, उणे थंडीत फलाटावर उभे आहात, ट्रेन येताना दिसते, लाइट जवळ येतो, आणि डबे तुमच्या समोरून सरळ निघून जातात, आतले लोक तुमच्याकडे बघतायत. फेब्रुवारीत डेमोक्रॅटिक पक्षाचा उमेदवार ठरवणारी निवडणूक होती. जेन बर्नने मेयर बिलँडिकना हरवलं, पुढे शहराची पहिली बाई मेयर झाली, आणि काळ्या वस्त्यांनी भरभरून मतं दिली ती त्या फलाटांवरची थंडी विसरली नव्हती म्हणून.

आठवड्याने मी परत पिल्सनला गेले. संक्रांत नुकतीच झाली होती, तिळगूळ केलेला होता, वड्या जरा कडकच झाल्या होत्या. लेकीला बरोबर घेतलं, तिचं स्पॅनिश चांगलं आहे. समोरच्या घराची बेल वाजवली. आज्जींनी दार उघडलं, लेकीला नावाने हाक मारली, मला ओळखलं. मी सॉरी म्हणायला सुरुवात केली तर त्यांनी हात धरून आत घेतलं, थंडी आत येतेय म्हणाल्या. किचनमध्ये मका भाजल्याचा वास, खिडकीच्या काचेवर वाफ, भिंतीवर ग्वादलूपेची माता आणि तिच्याखाली एका तरुण माणसाचा सैन्याच्या गणवेशातला फोटो. टेबलाभोवती तीन पिवळ्या खुर्च्या होत्या. चौथ्या बाजूला रिकामी जागा, फरशीवर खुर्चीच्या पायांचे चार गोल डाग.

त्यांनी तिळगुळाची वडी तोंडात टाकली आणि हसल्या, म्हणाल्या आमच्याकडेही तिळाची असते, पालांकेता, माझी आई करायची. मग विचारलं कुठली माणसं तुम्ही, मुंबईच्या जवळची का, आणि स्वतः कुठल्या ते सांगितलं. लहान असताना हॅल्स्टेडजवळ घर होतं, दुसऱ्या मजल्यावर, खाली ग्रीक माणसाचं किराणा दुकान, तो ऑलिव्ह हातावर ठेवायचा. मग कागद आला. वडलांनी ट्रक भाड्याने आणला, दोन फेऱ्यांत सगळं सामान या घरात. त्यानंतर त्या कुठेच गेल्या नाहीत. आता २०२२ पासून टॅक्सचं बिल एवढं वाढून आलंय की मुलगा जास्तीची शिफ्ट करतो, रोज कुणीतरी पत्र टाकतं, घर रोख पैशात विकत घेतो म्हणून. त्यांनी ड्रॉवर उघडून पत्रांचा गठ्ठा दाखवला, रबर बँड लावून ठेवलेला. लेक मान खाली घालून भाषांतर करत होती. तिच्या घराचं भाडं ज्या भावाने मिळतं त्या भावानेच या गल्लीतली घरं महाग होतायत, हे तिला माहीत आहे, आम्ही दोघी त्यावर रात्री बोललोय, भांडलोय पण, आणि तिच्याकडे काय मलाही उत्तर नाही.

मी विचारलंच शेवटी, त्या दिवशी तुम्ही मला काहीच का बोलला नाहीत. लेकीने विचारलं. आज्जींनी मला नीट बघितलं आणि हाताने पिशवीचा आकार करून दाखवला. म्हणाल्या, डबा होता हातात. कुणीतरी आजारी असणार. मुलगा मात्र चिडला होता, हे पण सांगितलं, लपवलं नाही. सात ब्लॉक लांब लावून चालत आला, बूट ओले. मी म्हटलं आज मी गाडी चार गल्ल्या पलीकडे लावलीये. त्यांनी मान हलवली.

चार वाजायला आले तसं त्यांचं लक्ष घड्याळाकडे जायला लागलं. बाहेर ट्रकचा आवाज आला, तो आवाज मी ओळखला. त्या उठल्या, तोच मोठा कोट घातला, सपातांवरच बाहेर गेल्या. मी आणि लेक खिडकीतून बघत होतो. ट्रक थांबला, त्यांनी खुर्ची उचलली, बाजूला झाल्या, ट्रक हळूच आत गेला. मग त्या खुर्ची छातीशी धरून पायऱ्या चढून आल्या, दाराशी ठेवून फडक्याने पुसली, आधी सीट, मग पाठ, मग एकेक पाय, पायांना चिकटलेलं रस्त्यावरचं पांढरं मीठ नखाने खरवडून काढलं. टेबलाच्या चौथ्या बाजूला बरोबर त्या चार डागांवर आणून ठेवली. मुलगा आत आला, आम्हाला बघून दाराशीच थांबला. पन्नाशीचा असेल, दाढीत बर्फ. लेक काहीतरी बोलली, त्याने टोपी काढली, आणि त्या गार खुर्चीवर बसून बुटांच्या नाड्या सोडायला लागला.

आज्जींनी तिळगुळाची ताटली त्याच्याकडे सरकवली.